अक्काची किडनी आणि दह्याच्या जागेवरची कुपी

संत तुकाराम नगर, पिंपरी
१२ जानेवारी २०२५

चि. पुनम हिला मामाची सप्रेम तक्रार.

काल दुपारी आमच्या घरात सत्तांतर झालं. हे घर घेतल्यापासून फ्रीजच्या मधल्या फळीवर दह्याच्या पातेल्याचं राज्य होतं. काल त्याला नोटीस न देता खाली कोथिंबिरीच्या वस्तीत हलवण्यात आलं. का, तर तुझं पार्सल आलं! थर्माकोलचा डबा, डब्यात बर्फाच्या पिशव्या, त्यांच्यामध्ये पुठ्ठ्याची पेटी, आणि पेटीत करंगळीच्या पेराएवढी एक कुपी. कुपीच्या तळाशी दोन थेंब पाणी. दोन थेंबांना एवढा बंदोबस्त मी फक्त मंत्र्याच्या दौऱ्यात पाहिलाय.

तू फोनवर एवढंच सांगितलंस की शनिवारी लॅब बंद असते, मामा, म्हणून तुमचा पत्ता दिलाय. मधल्या फळीवर ठेवा, गोठू देऊ नका. ‘शेजारी दही नको, त्याचा वास लागेल’ हे कलम तुझ्या मामीने स्वतःच्या अधिकारात जोडलं. त्यात तू किंमत बोलून बसलीस. तेव्हापासून भाग्यश्री फ्रीज उघडण्याआधी चप्पल काढते. मला कोमट ताक मिळतं. लोकशाहीत हे चालायचंच, पण इतिहासात नोंद असावी म्हणून लिहितो.

तू म्हणशील, हे फोनवर सांगता आलं असतं. आलं असतं, पण हाताच्या थरथरीसाठी व्यायाम घेणाऱ्या बाईंनी रोज एक पान हाताने लिहायला सांगितलंय. ‘श्री’ लिहून वह्या भरण्याएवढा मी पुण्यवान नाही. त्यापेक्षा कोणालातरी छळत लिहावं. तुला उत्तर हातानेच लिहावं लागेल, टाइप केलेलं परत पाठवीन.

अक्षर पाहतेच आहेस. तुझ्या आईची किडनी माझ्या पोटात बसल्यापासून सगळं झकास आहे. फक्त ती तिथे टिकावी म्हणून ज्या गोळ्या घेतो, त्यांनी हात असा नाचतो. एरवी नाचू दे म्हटलं असतं. पण चाकणच्या कंपनीत मी स्टँडर्ड रूमचा माणूस. केसाच्या जाडीहून बारीक फरक हाताने पकडायचा, ही माझी भाकरी आणि तेच माझं नाक. महिनाअखेरीस गिऱ्हाईकाचा ऑडिटर येतोय. त्याच्यासमोर गेज स्टडी आहे, म्हणजे तेच ते भाग तिघांनी पुन्हा पुन्हा मोजायचे आणि आकडे जुळतात का पाहायचं. माणसांची नावं गेली आहेत. पहिलं नाव माझं.

उद्या तुमच्या लॅबचा ड्रायव्हर येईल, त्याच्या हाती पेटी आणि हे पत्र देतो. त्या दोन थेंबांत काय आहे ते सांग. मी आमच्या पातेल्याला कारण द्यायला बांधील आहे.

मामा


वाकड
१७ जानेवारी

ती. आदिमामांना साष्टांग नमस्कार.

पातेल्याला माझी माफी सांगा. कुपी सुखरूप पोचली. लॅबच्या मॅडमनी आधी विचारलं, “मामांच्या फ्रीजचं तापमान बरोबर होतं ना?” मी म्हटलं, “मॅडम, ते मायक्रॉनवाले आहेत, त्यांनी आत थर्मामीटर लावला असेल.” (लावला होतात ना? मामी म्हणाली.)

त्या दोन थेंबांत अँटिबॉडी आहे. तुमच्या भाषेत सांगते. पेशीत हजारो प्रकारची प्रथिनं असतात, सगळी एकाच चिखलात कालवलेली. त्यातलं एकच शोधायचं. तुम्ही भोक बरोबर आहे का पाहायला गो-नोगो गेज घालता ना? बसलं तर बसलं, नाही तर नाही. अँटिबॉडी म्हणजे तसा गेज, फक्त एकाच प्रथिनावर बसणारा. आणि तो कारखान्यात घडवत नाहीत. आमचा हा गेज सशाने केलाय. त्या प्रथिनाचा लहानसा तुकडा सशाला टोचला, आणि त्याच्या रक्ताने त्या तुकड्याच्या मापाचा गेज आपोआप पाडला. ना ड्रॉइंग, ना टॉलरन्स.

काल वापरली. पेशींचा रस जेलमधून पळवला की प्रथिनं आकाराप्रमाणे रांगेत लागतात. ती रांग एका पांढऱ्या पातळ कागदावर उतरवून घेतली. कागद कोरा दिसतो, मामा, अगदी कोरा. मग तुमच्या फ्रीजमधला थेंब हजारपट पातळ केला, त्यात कागद रात्रभर भिजवला, त्यावर चमक धरणारं दुसरं द्रावण, आणि कागद कॅमेऱ्याच्या अंधाऱ्या पेटीत. पडद्यावर आधी काहीच नव्हतं. मग एकाच उंचीवर, प्रत्येक रकान्यात एक बारीक रेघ उमटली. तेवढीच. बाकी सगळा कागद स्वच्छ. मी हे चार वर्षं करतेय, तरी रेघ उमटताना श्वास धरते.

आता खुर्चीत नीट बसा. त्या प्रथिनाचं नाव कॅल्सिन्युरिन. पेशीत कॅल्शियम वाढलं की ते जागं होतं आणि दुसऱ्या प्रथिनांवरची फॉस्फेटची कुलपं काढत सुटतं. रक्तातल्या सैनिक पेशींत ते जागं झालं की सैनिकांना हुकूम जातो: परका आत आलाय, चला. आणि तुमची सकाळ-संध्याकाळची गोळी नेमकी त्यालाच गप्प बसवते. म्हणजे दोन दिवस तुमच्या फ्रीजमध्ये जो गेज होता, तो तुमच्या गोळीच्या शत्रूवर बसणारा होता. मी मुद्दाम तुमच्याकडे पाठवला नाही, देवाशपथ. पण पत्ता लिहिताना अंगावर काटा आला होता.

हात थरथरतो त्याचंही थोडं इथेच असावं. हे प्रथिन मेंदूत भरपूर असतं. नक्की कसं ते अजून कोणी छातीठोक सांगत नाही.

तुमची भाची,
पुनम


संत तुकाराम नगर
२२ जानेवारी

चि. पुनम,

तुझं पत्र दोनदा वाचलं, मग भाग्यश्रीला वाचून दाखवलं. ती उठून फ्रीजपर्यंत जाऊन आली. मग म्हणाली, “सशाला बिचाऱ्याला माहीत तरी आहे का?” उभ्या आयुष्यात मी जर्मन गेज पाहिले, जपानी पाहिले, मखमलीच्या पेटीतले पाहिले. सशाने पाडलेला गेज पहिल्यांदा ऐकला. पंचवीस वर्षं मी ‘शून्य चूक’ अशी पाटी डोक्यावर लावून बसलो, आणि हे कान हलवत गवत खाता खाता काम करून मोकळं!

एक शंका. तुझ्या कागदावरची रेघ बघून माझी गोळी काम करतेय की नाही ते कळेल का?

नाही कळणार, असं मला वाटतं. रेघ सांगते की ते प्रथिन तिथे आहे. ते काम करतंय की झोपलंय, ते नाही सांगत. बरोबर ना? आमच्याकडे याला हजेरीपट म्हणतात. कितीएक सरकारी कचेऱ्यांत रेघ ठळक उमटते आणि कॅल्सिन्युरिन गाढ झोपलेलं असतं.

हसून झालं. आता खरं लिहितो. काल सराव म्हणून भाग मोजायला घेतले. समाधान समोर होता, आमच्यातला तरुण, पोरगा चांगला आहे. मायक्रोमीटर माझ्या हातात टाळ वाजावा तसा वाजत होता. तो इकडेतिकडे बघून हळूच म्हणाला, “मामा, तुम्ही नुसतं बसून आकडा वाचा राव, धरतो मी. कोणाला काय कळतंय?” प्रेमाने म्हणाला ग. शिवी दिली असती तर सोपं गेलं असतं.

घरी आलो तर भाग्यश्रीने आमटीची वाटी अर्धीच भरलेली. हल्ली ती अर्धीच भरते. सांडायला नको म्हणून.

मामा


संत तुकाराम नगर
३ फेब्रुवारी

प्रिय पुनम,

गड सर! शुक्रवारी गेज स्टडी झाली. तिघांत सगळ्यांत कमी फरक कोणाचा? तुझ्या मामाचा. ऑडिटर चष्मा वर करून म्हणाला, “आदिनाथजी, हात है या मशीन है?” मी विनयाने मान खाली घातली, विनय दाखवायची संधी फार दिवसांनी आली होती. समाधानने सगळ्यांना वडापाव चारला. मॅनेजरने माझ्यासोबत फोटो काढला, म्हणजे आता वर्षभर तो मला ओळखेल.

व्यायामाच्या बाईंचा विजय असो. काल रात्री आमटीची वाटी काठोकाठ भरून घेतली आणि एक थेंब न सांडता प्यायलो. भाग्यश्रीच्या डोळ्यांत पाणी. मी म्हटलं, तिखट झाली असेल.

अक्काला सांग, तिचा भाऊ पुन्हा माणसांत आला.

मामा


वाकड
५ फेब्रुवारी

मामा,

काल रात्रीपासून तुमचा फोन लागत नाही. मामी म्हणते, “झोपलेत,” मग म्हणते, “फिरायला गेलेत.” म्हणून हे पत्र लॅबच्या ड्रायव्हरकडे देतेय. हातात पडताच वाचा.

तुमची तिन्ही पत्रं टेबलावर शेजारी शेजारी ठेवलीत. पहिल्या दोन पत्रांत प्रत्येक काना हलतोय, प्रत्येक वेलांटी फुटलीय. तिसऱ्यात अक्षर रुळावरून चालावं तसं सरळ. पत्र उघडलं तेव्हा आनंद झाला होता. वाचून होईपर्यंत तो ओसरला.

व्यायामाने बारा दिवसांत असं होत नाही, मामा. असा हात एकाच गोष्टीने थांबतो. गोळी किती दिवस घेतली नाहीत?

रागावून लिहितेय, कारण तुम्हाला सगळं समजलेलं आहे. हजेरीपट तुम्हीच म्हणालात ना! ते प्रथिन झोपलेलं असतं तोवरच आईची किडनी सुरक्षित आहे. सैनिक पेशींना ती कधीच आपली वाटणार नाही. एक वर्षाने नाही, वीस वर्षांनी नाही. त्या किडनीला तुमच्यापासून वाचवायला रोज दोनदा एक गोळी मध्ये उभी राहते. तिला तुम्ही घरी पाठवलंत, एका मायक्रोमीटरसाठी?

आईला अजून काही बोलले नाही. आजच्या आज रक्त तपासायला जा. पत्राचं उत्तर नको. रिपोर्ट हवा.

पुनम


हॉस्पिटलातून
१२ फेब्रुवारी

पुनम,

तू बरोबर होतीस. अक्षर पुन्हा नाचतंय बघ, त्याला शांतपणे नाचू दे.

पूर्ण बंद केली नव्हती. अर्धी केली होती. मशीनला कंप आला की आम्ही काय करतो? फीड, म्हणजे हत्यार सरकायचा वेग, अर्ध्यावर आणतो, कंप थांबतो, माल निघतो, मग पुन्हा पूर्ववत. ऑडिटपुरतं करू म्हटलं. ऑडिट झालं, पण सरळ हाताची चटक लागली. पुन्हा पूर्ववत करणं राहून गेलं. मला वाटलं होतं, आपलं शरीर म्हणजे आपल्याच शॉपमधलं मशीन.

तू विचारशील म्हणून फोन टाळत होतो, भाग्यश्रीलाही सबबी सांगायला लावलं. तुझं पत्र मात्र तिनेच उघडून वाचलं. रिक्षा घेऊन आली आणि खाली उभी राहिली.

रक्तातला क्रिएटिनिन, म्हणजे किडनीच्या तब्येतीचा आकडा, चढला होता. मग सुई घालून किडनीचा कणभर तुकडा काढून पाहिला. डॉक्टरीणबाई तरुण आहेत. त्यांना वाटलं असेल हा बाबा घाबरेल, म्हणून स्क्रीन वळवली नाही. मी म्हटलं, “दाखवा. तपासणीचाच धंदा आहे माझा.” त्यांनी दाखवलं. गुलाबी नक्षी, आणि तिच्या फटीफटीतून निळे ठिपके, मुंग्यांसारखे. “ह्या तुमच्या पेशी,” त्या म्हणाल्या. “आत शिरू लागल्यात. लवकर आलात.”

मी बघत राहिलो. ती नक्षी अक्काची. ते ठिपके मी. बावन्न वर्षं मी तिचा भाऊ आहे. तिच्या कडेवर वाढलो, तिच्या लग्नात तिच्याहून जास्त रडलो. आणि माझ्या रक्ताला हे कोणी सांगितलेलंच नाही! ते तिला अजून परकीच समजतं. त्याला कोणी फितवलेलं नाही, कोणी शिकवलेलंही नाही. ते आपलं इमानेइतबारे मला वाचवायला निघालं होतं. पुनम, मला भीती वाटायला हवी होती. भीती वाटली ती नंतर. आधी हात जोडावेसे वाटले, कोणाला ते कळेना. तुझ्या सशाला म्हण, त्या ठिपक्यांना म्हण, का त्या दोन बोटांएवढ्या गोळीला, जी एवढ्या सैन्यापुढे एकटी उभी असते. दोन बोटांएवढी कसली, ज्वारीच्या दाण्याएवढीच असेल.

तीन दिवस शिरेतून औषध दिलं. आकडा उतरायला लागलाय. पहिल्या जागी येईल का, ते त्या सांगत नाहीत, मी विचारत नाही. “थरथर होती तर मला का नाही सांगितलंत? गोळीचा दुसरा प्रकार आहे, सकाळी एकदाच घ्यायचा,” असं त्या म्हणाल्या तेव्हा मी छताकडे पाहिलं. छताला काही दोष नव्हता.

अक्काला मीच सांगेन. सुटलो की आधी कडाचीवाडीला जाईन, मग घरी. तू सांगू नकोस.

मामा


कडाचीवाडी, ता. खेड
२० फेब्रुवारी

आद्या,

पुनमीला लिवायला बसवलंय. ती मधीमधी शुद्ध करती. मी म्हनलं, मी जशी बोलते तसंच लिव, तुज्या मॅडमला न्हाई धाडायचं.

तू मंगळवारी आलास. वट्यावर बसलास, मान खाली घातलीस, समदं सांगितलंस. मला आधी वाटलं, जमिनीच्या कागदावर सही मागाया आलास. तू बोलत व्हतास आन मी गप व्हते, म्हनून तुला वाटलं असंल मला राग आला. व्हय, आला. अजून हाय. जाईल कवा जायचा तवा.

ऑपरेशनच्या आधी मोठ्या डॉक्टरनं मला इचारलं व्हतं, बाई, दिल्यावर परत मागता येनार न्हाई, समजलं का? मी म्हनलं, भावाला दिल्यालं कोन परत मागतंय? पर राखायला तर सांगू शकते का न्हाई? दुभती म्हस दिली असती तरी इचारलं असतं, वैरन घालतोस का म्हनून.

हात हलतो तर हलू दे की. माजं गुडघं वाजत्यात, तुज्या दाजींचं दात हलत्यात. आमी काय काढून ठिवलं व्हय? तुला लोकांच्या नजरंत सरळ दिसायचं व्हतं. आरं, मी तुला नागडा हिंडताना बघितलाय, माज्याम्होरं कसली रे तुजी इज्जत!

आता माजी तक्रार ऐक. ऑपरेशन झाल्यापास्नं तू माज्या घरी चहा घेत न्हाईस. दरयेळी, “आत्ताच झाला, अक्का.” पहिल्यांदा वाटलं पथ्य असंल. मग वाटलं, किडनी घेतली आन भाऊ सायेब झाला. काल पुनमीनं सांगितलं, मामाचा कप वाजतो, तो तुला ऐकू जाऊ नये म्हनून घेत न्हाईत. मी लई येळ चुलीम्होरं बसून राह्यले. वरसभर मी तुला नावं ठिवत व्हते की रं!

मंगळवारी बी तुज्या वाटचा चहा टाकला व्हता. तू उठून गेलास. तो म्हशीच्या पाटीत वतला. एक कप चहाचं देनं लागतोस तू माजं. ते आधी फेड, मग बाकीचं बघू.

अक्का

(मामा, एकही शब्द शुद्ध करू दिला नाही. पु.)


संत तुकाराम नगर
२ मार्च

चि. पुनम,

रिपोर्ट आला. आकडा उतरलाय. पहिल्या जागी नाही, त्याच्या वरच्या पायरीवर थांबलाय. तिथेच राहील म्हणतात. ती पायरी माझ्या खाती.

नवी गोळी सुरू झाली. थरथर थोडी कमी आहे, गेलेली नाही. कंपनीत जाऊन मॅनेजरला सांगितलं की स्टडीतले आकडे खरे होते, पण तो हात उसना होता. पुढच्या वेळी माझ्या जागी समाधानचं नाव घाला, मी त्याच्या शेजारी बसेन. मॅनेजर म्हणाला, “अहो, पास झालंय ना, मग कशाला?” त्याची रेघ फार ठळक उमटते.

मग आज सकाळी बस धरून कडाचीवाडीला गेलो.

अक्का शेणाने हात भरलेले तशीच बाहेर आली. “आलास? बस.” शेजारच्या यशोदाबाई बसल्या होत्या, त्यांनाही तिने उठू दिलं नाही. मला वाटलं होतं पेल्यात देईल, किंवा भाग्यश्रीसारखा अर्धा. तिने कपाटातला पाहुण्यांचा कप काढला, बशीसकट, आणि चहा काठोकाठ ओतला. इतका, की वरची साय कडेला टेकली होती.

मी उचलला. वाजायला लागला. काय वाजला म्हणून सांगू! दावणीच्या म्हशीने मान वळवली. दाजींनी टीव्हीचा आवाज वाढवला, मग अक्काने त्यांच्याकडे पाहिलं, त्यांनी कमी केला. यशोदाबाईंनी बोलायला तोंड उघडलं आणि मिटलं. अक्का मात्र निवडलेल्या मेथीकडे बघत सांगत होती की यंदा एमआयडीसीच्या नव्या रस्त्याने बांध खाल्ला, आणि तलाठी कसा फोन उचलत नाही. एकदाही माझ्या हाताकडे पाहिलं नाही. मुद्दाम नजर चुकवतेय असंही एकदाही वाटू दिलं नाही.

मी कपाचा तो किणकिणाट ऐकत होतो. डोक्यात कुठेतरी ती गोळी आपलं काम करत होती, म्हणून तो आवाज होता. आणि खाली, उजव्या कुशीत, अक्काचं ते निमूटपणे आपलं काम करत होतं. दोघांना एकमेकांची ओळख नाही. मधे मी, नुसता बसायची जागा. एवढं सगळं माझ्यात चालू असताना मी आजवर फक्त हाताकडे बघत होतो.

बशीत ओतला. थोडा पँटवर सांडला, थोडा वट्यावर. उरलेला फुंकून प्यायलो, शेवटच्या घोटापर्यंत. साखर जास्त होती.

मग उठलो. मोरीवर जाऊन कपबशी विसळली, पुसली आणि तिच्या कपाटात पाहुण्यांच्या कपांमागे, घरच्या कपांच्या रांगेत ठेवून आलो. अक्काने पाहिलं. मेथीची जुडी माझ्यापुढे सरकवली, आणि मीही निवडायला बसलो.

मामा